हातांचं काय करायचं?

जुन्या मूकपटांचा विषय निघाला की एक प्रश्न हमखास येतो. इथे अल्फारेटात सुट्टीच्या दिवशी चार मराठी कुटुंबं जमून जुना सिनेमा लावतात तेव्हाही तो येतो, आणि विचारणारं बहुधा कॉलेजात जाणारं कुणी तरी असतं: "बोलायचंच नाही, तर 'तू मला आवडतेस' हे तो तिला सांगणार कसं?"

प्रश्न अगदी योग्य आहे. मारामारीला शब्द लागत नाहीत, पाठलागाला लागत नाहीत. प्रेमाला मात्र कुठे तरी तोंड उघडावं लागतं. १९३० च्या आगेमागे तोक्योतल्या काही तरुण दिग्दर्शकांनी या अडचणीचाच सिनेमा केला. त्यांच्या नायकाला आवाज दिला असता तरी तो बोलला नसता. ती समोर आली की नजर कुठे ठेवायची, हातांचं काय करायचं, हेच त्याला सुचत नाही. हे अवघडलेपण कुठून आलं, पडद्यावर कसं दाखवलं गेलं आणि आपल्या मराठी पडद्यावर ते इतकं उशिरा का पोचलं, ते या प्रकरणात पाहू.

१. मूकपट मुका नव्हता

मूकपटाच्या थिएटरात शांतता कधीच नसे. अल्फारेटाहून जॉर्जिया ४०० या रस्त्यानं दक्षिणेला अटलांटात उतरलं की पीचट्री स्ट्रीटवर फॉक्स थिएटर लागतं. ते २५ डिसेंबर १९२९ ला उघडलं. त्यात मोलर कंपनीचा एक अवाढव्य ऑर्गन आहे, लोक त्याला 'मायटी मो' म्हणतात. साडेतीन हजारांहून जास्त नळ्यांचं हे वाद्य अजून वाजतं. मूकपटांना साथ करायला असे ऑर्गन बांधले जात. फॉक्सचा ऑर्गन बसेपर्यंत मात्र अमेरिकेत बोलपट सुरूही झाले होते. आपल्याकडे पडद्यापाशी पेटी-तबला असे, आणि ज्यांना वाचता येत नाही त्यांच्यासाठी पडद्यावरची अक्षरं कुणी तरी मोठ्यानं वाचून दाखवी.

जपानात याहून मोठी व्यवस्था होती. तिथे पडद्याच्या बाजूला एक माणूस उभा राही किंवा बसे. त्याला बेन्शी म्हणत. तो गोष्ट सांगे, पुरुषाचा आवाज काढी, बाईचा काढी, मध्येच आपलं मत देई. आपल्या कीर्तनकाराची आठवण व्हावी असं हे काम. आख्यान सगळ्यांना ठाऊक असलं तरी बुवा कोण आहेत हे पाहून गर्दी जमते, तसंच तिथे बेन्शीचं नाव पाहून लोक तिकीट काढत. तोकुगावा मुसेईसारखे बेन्शी नटांइतकेच प्रसिद्ध होते. दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांचे थोरले भाऊ हेइगो हेही बेन्शीच. बोलपट आल्यावर बेन्शींच्या नोकऱ्या जाऊ लागल्या, संप झाले, आणि १९३३ मध्ये हेइगोनं आयुष्य संपवलं. कुरोसावांनी आत्मचरित्रात भावाबद्दल लिहिलं आहे, ते वाचताना जीव गलबलतो.

आपल्या विषयाशी बेन्शीचा संबंध असा. तो बोलायला असल्यामुळे नटावर हावभावांनी सगळं सांगून टाकायची सक्ती राहिली नाही. मख्ख चेहऱ्यानं उभा असलेला, आतून घाबरलेला तरुण जपानी पडद्यावर इतका सहज वावरतो, त्याचं निदान एक कारण हे असावं असं मला वाटतं. बेन्शींच्या बळामुळेच जपानात मूकपट जास्त काळ टिकला. 'आलम आरा' १४ मार्च १९३१ ला मुंबईत लागला आणि तीन-चार वर्षांत आपल्याकडचा मूकपट संपला. जपानमध्येही पहिला खरा बोलपट १९३१ सालचाच, पण यासुजिरो ओझूसारखा दिग्दर्शक १९३० च्या दशकाच्या मध्यापर्यंत मूकपट करत राहिला.

२. लग्न ठरवायचं कुणी?

आता दुसरी गोष्ट. अवघडलेपण म्हणजे नुसता लाजरा स्वभाव नव्हे. कसं वागायचं याचे दोन वेगवेगळे नियम एकाच वेळी लागू झाले की माणूस अवघडतो.

जपानात 'ओमिआई' नावाची पद्धत होती, आजही थोडीफार आहे. मध्यस्थ दोन घरांची गाठ घालून देतो, फोटो आणि माहिती इकडून तिकडे जाते, मग एके दिवशी वडीलधाऱ्यांसमोर मुलगा-मुलगी एकमेकांना पाहतात. मराठी वाचकाला याहून जास्त समजावायची गरज नाही. आपल्याकडचा कांदेपोह्यांचा कार्यक्रम तो हाच. पोह्यांऐवजी ग्रीन टी. या बैठकीत मुलाला काही करावंच लागत नाही. काय विचारायचं ते वडील विचारतात, कुठे बसायचं ते ठरलेलं असतं, हातात कप असतो.

१ सप्टेंबर १९२३ च्या भूकंपात आणि त्यानंतरच्या आगीत तोक्योचा मोठा भाग नष्ट झाला. जे नवं शहर उभं राहिलं त्यात कॅफे होते, कचेऱ्या होत्या, टायपिस्ट म्हणून कमावणाऱ्या मुली होत्या, भाड्याच्या खोलीत राहणारे परगावचे विद्यार्थी होते. केस कापलेल्या, पाश्चात्त्य पोशाखातल्या मुलींना 'मोगा' असं नाव पडलं. मुलगा-मुलगी आता रस्त्यात, ट्रामवर, कचेरीच्या जिन्यात एकमेकांना भेटू लागली, आणि तिथे मध्यस्थ नव्हता. घरी ओमिआईचा नियम, रस्त्यावर कुठलाच नियम नाही. शोचिकु कंपनीच्या कामाता स्टुडिओचे प्रमुख किदो शिरो यांनी नेमक्या याच मध्यमवर्गीय रोजच्या जगण्यावर हलकेफुलके चित्रपट करायचं धोरण आखलं. ओझू याच स्टुडिओत तयार झाला.

३. चष्म्याचं मूळ

लाजऱ्या नायकाचा साचा मात्र अमेरिकेतून आला. हेरॉल्ड लॉइडचा १९२४ चा 'गर्ल शाय' पाहा. त्यातला शिंप्याचा उमेदवार मुलींसमोर तोतरा होतो. मूकपटात तोतरेपणा दाखवायचा कसा? लॉइड ओठ अडकवतो, मान झटकतो. कुणी शिट्टी वाजवली की ओठ सुटतात. शिट्टीही ऐकू येत नाही, पण गालांचे फुगे दिसतात आणि सगळा प्रेक्षक समजतो. हाच पोरगा रात्री बसून मुलींना कसं जिंकावं यावर पुस्तक लिहितो!

लॉइड जपानात इतका आवडता होता की त्याच्यासारख्या गोल चौकटीच्या चष्म्याला तिथे त्याचंच नाव पडलं. ओझूच्या सुरुवातीच्या चित्रपटांत विद्यार्थ्यांच्या खोल्यांच्या भिंतींवर हॉलिवूडची पोस्टरं दिसतात. त्या पोरांना प्रेम कसं करतात ते ठाऊक आहे, पण ते पोस्टरवरून. घरात कुणी करताना पाहिलेलं नाही.

लॉइडचा नायक मात्र शेवटी उसळतो. गाड्या, घोडे, ट्राम, जे मिळेल ते पकडून तो तिचं लग्न थांबवायला धावतो आणि तिला घेऊन जातो. ओझूचा नायक असं काही करत नाही. तोक्योत लग्न मोडायला धावून जायची सोयच नव्हती.

४. खोली भाड्याने देणे आहे

'वाकाकी ही', म्हणजे 'तारुण्याचे दिवस', हा एप्रिल १९२९ चा चित्रपट. ओझू तेव्हा पंचविशीत होता. त्याचा पहिला चित्रपट १९२७ चा, पण तो आणि त्यानंतरचे कित्येक हरवले. हातात उरलेल्यांत हा सगळ्यांत जुना.

वातानाबे हा चलाख विद्यार्थी. वरच्या मजल्यावरच्या आपल्या खोलीच्या खिडकीत तो 'खोली भाड्याने देणे आहे' अशी पाटी लावतो. खोली सोडायची म्हणून ही पाटी नाही, सुंदर मुलगी विचारायला येईल म्हणून आहे. पुरुष आले की तो त्यांना वाटेला लावतो. मग चिएको येते. ती खोली पाहते, तिला पसंत पडते, आणि आता ती द्यावीच लागते! ओळख झाली, पण डोक्यावरचं छप्पर गेलं. वातानाबे सामान उचलून मित्राकडे, यामामोतोकडे, राहायला येतो. यामामोतो हा चष्मेवाला, उंच, भिडस्त. तात्सुओ साइतो या नटानं तो केला आहे. या यामामोतोची चिएकोशी आधीच ओळख आहे आणि त्याचाही जीव तिच्यावर जडला आहे, हे पुढे कळतं.

उदाहरणादाखल ही पाटीच नीट पाहू. मुलीशी बोलायला कारण हवं. सरळ जाऊन बोलणं शिष्टाचारात बसत नाही, मध्यस्थ लावावा तर ते थेट लग्नाचं बोलणं होतं. मग एक वस्तू मध्ये घालायची, जी दोघांच्या वतीनं बोलेल. पाटी म्हणते, 'खोली आहे'. चिएको म्हणते, 'खोली पाहायची आहे'. दोघंही बोलतात ते खोलीबद्दल, आणि जे बोलायचं ते तसंच राहतं. मूकपटाला ही युक्ती अंगाबरोबर शिवल्यासारखी बसते, कारण वस्तू दाखवायला आवाज लागत नाही. पण वस्तू मध्यस्थासारखी शहाणी नसते. ती आपलं काम चोख करते, आणि पाटीचं काम खोली देऊन टाकणं एवढंच.

परीक्षा आटोपून दोघं मित्र आकाकुराच्या बर्फात स्कीइंगला जातात. चिएकोही तिथे आलेली. वातानाबेला स्की येतं, यामामोतोला धड उभंही राहता येत नाही. साइतोचे लांब पाय इकडे एक, तिकडे एक जातात. उठावं तर पुन्हा बूड बर्फात. मित्राच्या या फजितीचा वातानाबे फायदा घेतो, तिला घेऊन पुढे जातो, यामामोतो मागे बर्फ झटकत राहतो. मैत्री आणि चढाओढ एकाच वेळी चाललेली, आणि ओझूला दोघांबद्दल सारखीच माया. कोण जिंकणार याची आपण वाट पाहत बसतो. मग उलगडतं, की चिएको इथे ओमिआईसाठीच आली आहे. मुलगा कोण, तर यांच्याच स्की क्लबचा प्रमुख. घरच्यांनी पाहिलेला.

इथे खलनायक नाही, जुलमी बाप नाही, रडारड नाही. चिएको फसवी नाही की दुःखीही नाही. मुलगा तिलाही आवडलेला दिसतो. या दोघा मित्रांना हिवाळाभर जे जमलं नाही ते दुसऱ्या एका पद्धतीनं दोन दिवसांत, बिनचूक, कुणाचाही हात न थरथरता करून टाकलं. परतीच्या गाडीत दोघं मित्र गप्प बसतात, तो भाग मला या चित्रपटात सर्वांत खरा वाटतो. पुढे परीक्षेचा निकालही वाईटच लागतो. यामामोतोला धीर द्यायला वातानाबे म्हणतो, तुला हिच्याहून चांगली मुलगी बघून देतो, आणि ती पाटी आता यामामोतोच्या खिडकीत लागते.

५. दाढी

१९३१ च्या 'शुकुजो तो हिगे'मध्ये, म्हणजे 'कुलीन स्त्री आणि दाढी'मध्ये, ओझू आणखी पुढे गेला. ओकाजिमा हा केंदोचा, म्हणजे जपानी पट्ट्याच्या खेळाचा, पटाईत खेळाडू. त्याच्या वागण्यात ऐट, आणि चेहराभर दाढी. जुन्या पोशाखात, जुन्या वळणात राहणारा. मित्राच्या बहिणीच्या वाढदिवसाला तो जातो तेव्हा तिच्या नव्या वळणाच्या मैत्रिणी त्याला नाचायला सांगतात. त्यांना अपेक्षा ग्रामोफोनवरच्या नाचाची. हा गंभीरपणे तलवारीचा पारंपरिक नाच करून दाखवतो. मुली हसून हैराण, आणि याला वाटतं आपण पाहुणचाराला जागलो.

हिरोको ही कचेरीत काम करणारी साधी मुलगी. रस्त्यात एक गुंड मोगा तिला लुबाडत असते, ओकाजिमा तिला सोडवतो. पुढे तो नोकरीच्या मुलाखतीला जातो, ती कंपनी नेमकी हिरोकोची. नोकरी मिळत नाही. कारण त्याला कळत नाही, हिरोकोला कळतं. ती त्याच्या खोलीवर येते आणि सांगते, दाढी काढा.

जिनं आपल्याला वाचवणाऱ्या माणसाबद्दल घरी एक शब्द काढायला लाजावं, त्या मुलीनं परक्या पुरुषाच्या चेहऱ्याबद्दल बोलायचं, हे धाडस केवढं! आणि ते प्रेमाचं बोलणं नाहीच, नोकरीचं आहे. पाटीसारखीच इथे दाढी दोघांच्या मध्ये येते. फरक असा, की पाटी जवळ येण्यासाठी लावली होती आणि दाढी जवळ कुणी येऊ नये म्हणून राखली होती. ती उतरते आणि आतून तोकिहिको ओकादाचा देखणा चेहरा बाहेर येतो. मग नोकरी मिळते, आणि तीन बायका त्याच्यात गुंततात: हिरोको, मित्राची श्रीमंत बहीण, आणि ती गुंड मोगासुद्धा. मोगा एका रात्री त्याच्या खोलीवर येऊन मुक्कामच ठोकते. सकाळी हिरोको दारात. सगळं पाहून ती परत फिरत नाही. माझा यांच्यावर विश्वास आहे, असं सांगून तिथेच थांबते. तो विश्वास पाहून मोगा निघून जाते. मला तर चित्रपटातला सगळ्यांत शूर प्रसंग हाच वाटतो, सुरुवातीच्या केंदोच्या सामन्याहूनही शूर.

जाता जाता सांगायला हवं, की ओकादा १९३४ मध्ये क्षयानं गेला, जेमतेम तिशीत. त्याची मुलगी मारिको तेव्हा तान्ही होती. पुढे १९६० मध्ये ओझूनं 'लेट ऑटम' काढला. त्यात तीन प्रौढ मित्र एका मुलीचं आणि तिच्या विधवा आईचं लग्न जमवायच्या फंदात पडून घोळ घालतात, आणि त्यांची खरडपट्टी काढणारी मैत्रीण म्हणून त्यानं मारिको ओकादाला घेतलं. ओझू स्वतः अविवाहित राहिला. लग्न जमवण्याचा विषय त्यानं मरेपर्यंत सोडला नाही.

६. आणि आपल्याकडे?

आपल्या मूकपटांत असा अवघडलेला प्रेमिक का भेटत नाही? आपले मूकपट तेराशेच्या आसपास निघाले आणि त्यातले फारच थोडे वाचले, तेव्हा छातीठोक बोलता येणार नाही. तरी तीन कारणं मला दिसतात.

पहिलं, समोर उभी राहायला बाई हवी. १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये दादासाहेब फाळक्यांना तारामतीसाठी बाई मिळाली नाही. अण्णा साळुंके या तरुणानं ती भूमिका केली. १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये तर राम आणि सीता दोन्ही साळुंकेच! दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई गोखले या मायलेकी 'मोहिनी भस्मासुर'मध्ये आल्या, पण वाट लगेच रुळली नाही. जपानातही सुरुवातीला पुरुषच स्त्रीभूमिका करत. तिथे हे १९२० च्या सुमारास बदललं आणि शोचिकुनं आरंभापासून नट्या घेतल्या.

दुसरं कारण पडद्याबाहेरचं आणि जास्त मोठं. 'तारुण्याचे दिवस' आला त्याच १९२९ साली आपल्याकडे शारदा कायदा झाला. त्यानं लग्नाचं किमान वय ठरवलं: मुलीसाठी १४, मुलासाठी १८. कायदा करावा लागला याचा अर्थ त्याहूनही लहान मुलींची लग्नं सर्रास होत होती. जिथे नवरीच अजाण, तिथे लग्नाआधीचं लाजणं-बुजणं कुठून येणार? भारतीय मूकपटातला अवघडलेला प्रेमिक म्हणूनच लग्नानंतर सापडतो. १९३१ चा 'जमाई बाबू' हा बंगाली विनोदी मूकपट सुदैवानं टिकला आहे. त्यातला खेडवळ जावई सासुरवाडीला कलकत्त्यात येतो, शहरात भरकटतो, आणि रात्री स्वतःच्याच बायकोला चोरून भेटायला गेला तर घरचे त्याला चोर समजतात. प्रेम करायचं ते लग्नाच्या बायकोशी, आणि तेही लपून!

तिसरं, मराठी विनोद रंगभूमीवर वाढला आणि तो शब्दांचा विनोद होता. कोल्हटकर-गडकऱ्यांच्या कोट्या मूकपटात कशा मावणार? तो विनोद बोलपटाची वाट पाहत थांबला होता.

ती वाट १९३८ मध्ये संपली. हंस पिक्चर्सचा 'ब्रह्मचारी', कथा-संवाद आचार्य अत्र्यांचे, दिग्दर्शक आणि नायक मास्टर विनायक. औदुंबर हा तरुण ब्रह्मचर्यावरचं व्याख्यान ऐकून भारावतो आणि व्रत घेतो. मग किशोरी येते. मीनाक्षी शिरोडकरांनी पोहण्याच्या पोशाखात म्हटलेल्या गाण्यानं महाराष्ट्रभर खळबळ उडाली. चर्चा आजही त्या पोशाखाचीच होते. मला त्यापेक्षा औदुंबराच्या व्रताकडे पाहावंसं वाटतं. ओकाजिमाची दाढी आणि औदुंबराचं ब्रह्मचर्य ही एकाच जातीची चिलखतं आहेत. दोघंही परंपरा, मर्दानगी, शिस्त यांच्या नावानं ती चढवतात, आणि दोघांनाही आतून भीती मुलीचीच. फरक माध्यमाचा पडला. ओझूकडे भीती चेहऱ्यावर केस होऊन उगवते आणि वस्तऱ्यानं उतरते. अत्र्यांकडे ती तोंडातून भाषण होऊन बाहेर पडते. औदुंबर जितका मोठ्यानं बोलतो तितका तो घाबरलेला असतो. लाजरा नायक मराठीत आला तो असा, बडबडत.

पुढे १९४० मध्ये नवयुग चित्रपट कंपनीच्या 'लग्न पहावे करून'मधून चिं. वि. जोश्यांचा चिमणराव पडद्यावर आला आणि दामुअण्णा मालवणकरांनी तो केला. चिमणरावाच्या जगात मुलगी पाहणं हाच विनोदाचा कारखाना. तिथे तरुण-तरुणी अवघडत नाहीत. अवघडतो तो सगळा परिवार.

७. पाहायचं असेल तर

ओझूचे विद्यार्थीजीवनावरचे हे चित्रपट ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटनं एका संचात काढले आहेत, त्यात वर सांगितलेले दोन्ही आहेत. सुरुवात दाढीपासून करावी. तो आटोपशीर आहे. 'तारुण्याचे दिवस' पावणेदोन तासांच्या आसपास चालतो आणि मध्ये रेंगाळतो, त्यामुळे तो दुसऱ्या दिवशी.

घरात पाहताना टीव्हीचा आवाज बंद ठेवून अधूनमधून येणारी अक्षरं कुणी तरी मराठीत मोठ्यानं सांगावीत. आमच्याकडे हे काम आजी-आजोबांकडे जातं, कारण नातवंडांना मराठीत सांगायला वेळ लागतो आणि आजोबांना पात्रांच्या वतीनं बोलायला मनापासून आवडतं. हिरोको दाढी काढायला सांगते त्या जागी बोलणाऱ्यानं क्षणभर थांबावं. कावासाकी हिरोको या नटीनं तिथे मान खाली घालून पुन्हा वर केली आहे, आणि ते प्रेक्षकांनी स्वतः पाहायला हवं.